गाठीपासून अहवालापर्यंत: लिम्फोमाच्या निदानासाठी फ्लो सायटोमेट्री

संध्याकाळी सहाच्या सुमारास एक लहान बरणी आमच्या प्रयोगशाळेत आली. आत मानेतून काढलेली दीड सेंटिमीटरची लसिकाग्रंथी होती आणि सोबतच्या फॉर्मवर ‘लिम्फोमाची शंका, फ्लो सायटोमेट्री करावी’ असे सुवाच्य अक्षरांत लिहिले होते. लिम्फोमा म्हणजे लिम्फोसाइट या पांढऱ्या पेशींचा कर्करोग, आणि फ्लो सायटोमेट्री म्हणजे सुट्या, ताज्या पेशी एकेक करून लेसरने तपासण्याचे तंत्र. गाठ अखंड होती, नाव-नोंद चोख होती, पण बरणीत फॉर्मलिन, म्हणजे ऊती घट्ट करून टिकवणारे रसायन, होते. फॉर्मलिनमध्ये बुडालेल्या पेशी फ्लोच्या कामाच्या उरत नाहीत. त्या रुग्णाचे निदान पुढे ऊतीचे काप आणि इम्युनोहिस्टोकेमिस्ट्री (त्या कापांवर अँटिबॉडी लावून केलेली तपासणी) यांवर झाले, मात्र जे उत्तर दुसऱ्या दिवशी मिळाले असते त्यासाठी त्याच्या घरच्यांना बरेच दिवस थांबावे लागले. पॅथॉलॉजीचे शिक्षण घेणारे निवासी डॉक्टर आणि फ्लो विभागात नव्याने रुजू होणारे तंत्रज्ञ यांच्यासाठी हा लेख लिहिताना ती बरणी माझ्या डोळ्यांसमोर आहे, कारण या तपासणीतल्या बहुतेक चुका यंत्राजवळ होत नाहीत, त्या यंत्रापर्यंत पोहोचण्याआधीच झालेल्या असतात. म्हणून पुढच्या प्रत्येक पायरीवर स्वतःला एकच प्रश्न विचारत राहावा: माझ्या नळीत असलेल्या पेशी रुग्णाच्या आजाराचे खरे प्रतिनिधित्व करतात का?

यंत्र नेमके काय पाहते

फ्लो सायटोमीटर पेशींना द्रवाच्या बारीक धारेतून एकामागून एक अशा रांगेने लेसरसमोरून नेतो. पेशीवर पडलेला प्रकाश सरळ पुढे किती विखुरतो त्यावरून तिच्या आकाराचा अंदाज येतो, आणि बाजूला किती विखुरतो त्यावरून तिच्या आतल्या कणांचा व गुंतागुंतीचा अंदाज येतो. यापलीकडची ओळख अँटिबॉडी पटवतात. पेशीच्या पृष्ठभागावर असलेल्या सीडी१९ (बी लिम्फोसाइटवरचा), सीडी३ (टी लिम्फोसाइटवरचा) अशा विशिष्ट रेणूंना, म्हणजे मार्करना, चिकटणाऱ्या अँटिबॉडीला चमकणारा रंग जोडलेला असतो, आणि लेसर पडताच तो रंग ठरावीक तरंगलांबीचा प्रकाश टाकतो. जॉर्ज कोलर आणि सेझार मिलस्टाइन यांनी १९७५ मध्ये मोनोक्लोनल (एकाच रेणूला चिकटणाऱ्या, एकसारख्या) अँटिबॉडी तयार करण्याची रीत दाखवली, तेव्हापासून या तंत्राला रक्ताच्या कर्करोगांच्या निदानात खरा अर्थ आला. एकाच पेशीवर आठ-दहा गुण एकाच वेळी मोजता येणे, आणि हे काही मिनिटांत लाखो पेशींवर करता येणे, ही या यंत्राची ताकद आहे. पेशी ऊतीत कुठे होती, तिच्या शेजारी कोण होते, गाठीची मूळ रचना मोडली होती का, यांपैकी काहीही त्याला दिसत नाही, ही त्याची मर्यादा आहे. ऊतीचा काप नेमके हेच दाखवतो, म्हणून हे दोघे एकमेकांची जागा घेऊ शकत नाहीत.

पहिली पायरी: नमुना घेण्याआधीचे बोलणे

शक्य असेल तेव्हा शल्यचिकित्सकाशी गाठ काढण्यापूर्वीच बोलावे. फ्लोसाठी गाठीचा ताजा तुकडा निर्जंतुक सलाइनमध्ये किंवा आरपीएमआय या पोषक द्रावणात हवा, हे वाक्य शस्त्रक्रियागृहात भिंतीवर लावून ठेवण्याच्या योग्यतेचे आहे. गाठ हाती आली की ती धारदार ब्लेडने मधोमध कापावी. लिम्फोमाची गाठ कापल्यावर बहुधा माशाच्या मांसासारखी, गुळगुळीत, पांढुरकी-करडी दिसते, तर क्षयाच्या गाठीत पनीरासारखा भुसभुशीत पिवळसर भाग सापडू शकतो. कापलेला पृष्ठभाग दोन-तीन काचपट्ट्यांवर हलकेच टेकवून ठसे घ्यावेत आणि त्यांतला एक तिथल्या तिथे रंगवून सूक्ष्मदर्शकाखाली पाहावा. त्या दोन मिनिटांच्या पाहणीतून गाठीत लिम्फोसाइट आहेत का, मोठ्या पेशी आहेत का, की सगळा मृत भाग आहे, हे कळते आणि पॅनेल, म्हणजे लावायच्या अँटिबॉडींची यादी, निवडताना तेच उपयोगी पडते. त्यानंतर एक तुकडा फ्लोसाठी ठेवावा आणि उरलेला मोठा भाग फॉर्मलिनमध्ये हिस्टोपॅथॉलॉजीसाठी (ऊतीच्या कापांच्या तपासणीसाठी) पाठवावा. गाठ इतकी लहान असेल की एकाच तपासणीला पुरेल, तर हिस्टोपॅथॉलॉजीला प्राधान्य द्यावे, असे माझे स्पष्ट मत आहे.

आपल्याकडे मानेतली गाठ दिसली की पहिला विचार क्षयरोगाचा होतो, आणि क्षयाच्या गाठी खरोखरच सर्रास आढळत असल्याने त्यात गैर काही नाही. गैर तेव्हा होते, जेव्हा तपासणीशिवाय महिनोन् महिने क्षयाची औषधे दिली जातात आणि लिम्फोमा वाढत राहतो. म्हणून गाठीचा एक छोटा निर्जंतुक तुकडा सीबीनॅट (क्षयजंतूंची जनुकीय चाचणी) आणि कल्चर (जंतू वाढवून पाहणे) यांसाठीही राखून ठेवावा. फ्लोमध्ये सर्व पेशी प्रतिक्रियात्मक (कर्करोगाच्या नव्हे, संसर्गासारख्या कारणाने वाढलेल्या) निघाल्या म्हणून क्षय सिद्ध होत नाही, तो वेगळा सिद्ध करावा लागतो.

सुईने घेतलेल्या नमुन्याबाबत एवढेच लक्षात ठेवावे की काचपट्ट्या करून झाल्यावर सुईत जे उरेल ते फ्लोला देणे पुरेसे नसते. फ्लोसाठी सुई स्वतंत्रपणे एक-दोन वेळा घालून तो नमुना थेट द्रावणात सोडावा. रक्त आणि अस्थिमज्जा ईडीटीएच्या (रक्त गोठू न देणाऱ्या रसायनाच्या) जांभळ्या टोपणाच्या नळीत घ्यावी, खोलीच्या तापमानाला ठेवावी आणि शक्यतो २४ तासांत, फार तर ४८ तासांत तपासावी. मज्जेच्या बाबतीत पहिल्यांदा ओढलेला थोडासा भाग सर्वांत मोलाचा असतो, कारण त्यानंतर सिरिंजमध्ये मज्जेपेक्षा रक्तच जास्त येऊ लागते.

दुसरी पायरी: पेशी सुट्या करणे

गाठीचा तुकडा पेट्री डिशमध्ये थोड्या द्रावणात ठेवून दोन ब्लेडने बारीक चिरावा, सिरिंजच्या मागच्या बाजूने हलका दाब देऊन पेशी सोडवाव्यात आणि ते द्रावण बारीक जाळीतून गाळून घ्यावे. जोर लावू नये. मोठ्या पेशींचे आवरण नाजूक असते, त्या फुटतात आणि डीएनएचा चिकट गोळा तयार होतो. जलद वाढणाऱ्या मोठ्या बी पेशींच्या लिम्फोमात फ्लो निगेटिव्ह येण्याचे एक मोठे कारण हेच असते. आजाराच्या पेशी वाटेतच मरतात आणि टणक, छोट्या, निरोगी टी पेशी तेवढ्या यंत्रापर्यंत पोहोचतात.

पेशींची मोजणी करून प्रत्येक नळीत साधारण १० लाख पेशी घ्याव्यात. कॅप्पा आणि लॅम्डा या लाइट चेन (बी पेशींच्या इम्युनोग्लोब्युलिन या अँटिबॉडी-रेणूतल्या दोन प्रकारच्या साखळ्या) तपासायच्या असतील, तर अँटिबॉडी घालण्यापूर्वी पेशी कोमट सलाइनने दोन-तीनदा धुवाव्यात. रक्ताच्या द्रवात मोकळी इम्युनोग्लोब्युलिने भरपूर असतात, ती अँटिबॉडी स्वतःकडे ओढून घेतात आणि पेशींवर काहीच दिसत नाही. नव्या तंत्रज्ञाकडून वगळली जाणारी पायरी बहुधा हीच असते, आणि तिचा परिणाम ‘लाइट चेन दिसत नाही’ अशा चुकीच्या निष्कर्षात होऊ शकतो. त्यानंतर अँटिबॉडी घालून नळ्या १५ ते २० मिनिटे अंधारात ठेवाव्यात, लाल पेशी फोडणारे द्रावण घालावे, पुन्हा धुऊन मग यंत्रावर लावाव्यात. गाठीच्या नमुन्यात मृत पेशी ओळखणारा सेव्हन-एएडीसारखा रंग घालणे मी सक्तीचे मानते, कारण मृत पेशी कोणत्याही अँटिबॉडीला चिकटतात आणि खोटे पॉझिटिव्ह दाखवतात.

तिसरी पायरी: पॅनेल

पॅनेल म्हणजे कोणत्या अँटिबॉडी एकत्र लावायच्या याची ठरलेली यादी. युरोफ्लो या युरोपीय गटाने २०१२ मध्ये आपली पॅनेले प्रसिद्ध केली. त्यांतील लिम्फोमाच्या पहिल्या तपासणीची नळी आठ रंगांत बारा मार्कर बसवते, आणि ते साधते कारण बी पेशींवर असणारे काही मार्कर व टी पेशींवर असणारे काही मार्कर एकाच रंगात घेतले तरी त्यांची गल्लत होत नाही. सुरुवातीला अशा एका नळीवर बी, टी आणि एनके पेशी, कॅप्पा-लॅम्डा, सीडी५, सीडी३८ एवढे पाहावे, आणि जे दिसेल त्यानुसार पुढची नळी निवडावी. सरसकट पन्नास अँटिबॉडी लावल्याने निदान अधिक अचूक होत नाही. रुग्णाच्या खिशाला मात्र त्याची झळ बसते.

रुग्णाला आधी कोणते उपचार झाले आहेत हे फॉर्मवर नसेल, तर फोन करून विचारावे. रिटक्सिमॅब हे सीडी२० ला चिकटणारे औषध घेतलेल्या रुग्णात सीडी२० दिसेनासा होतो, म्हणून बी पेशी सीडी१९, सीडी२२ यांच्या आधारे शोधाव्या लागतात. आता याची दुसरी बाजूही समोर येऊ लागली आहे. आयआयटी मुंबई आणि टाटा मेमोरियल यांच्या सहकार्यातून घडलेल्या नेक्सकार१९ या कार-टी (टी पेशी बदलून रुग्णाला देण्याच्या) उपचाराला ऑक्टोबर २०२३ मध्ये भारतात मंजुरी मिळाली. हा उपचार सीडी१९ लाच लक्ष्य करतो, त्यामुळे तो घेतलेल्या रुग्णात आजार परतला तरी त्या पेशींवर सीडी१९ नसू शकतो. अशा वेळी फक्त सीडी१९ वर गेट घालणाऱ्याला, म्हणजे आलेखावर तेवढ्याच पेशी निवडणाऱ्याला, आजार असूनही दिसणार नाही.

चौथी पायरी: गेटिंग

दिवसाची सुरुवात यंत्र तपासण्याच्या चमकणाऱ्या कणांनी, म्हणजे बीड्सनी, करावी आणि कॉम्पेन्सेशन तपासावे, कारण एका रंगाचा प्रकाश शेजारच्या रंगाच्या डिटेक्टरमध्ये सांडतो आणि तो वजा केला नाही तर नसलेला मार्कर असल्यासारखा दिसतो. पेशी घेताना आधी एकमेकींना चिकटलेल्या जोड्या वगळाव्यात, मग मृत पेशी वगळाव्यात, आणि मग सीडी४५ (पांढऱ्या पेशींवरचा मार्कर) विरुद्ध बाजूला विखुरलेला प्रकाश असा आलेख मांडावा. लिम्फोसाइट त्यात भरपूर सीडी४५ आणि कमी विखुरणी अशा कोपऱ्यात घट्ट जमतात, मोनोसाइट त्यांच्या शेजारी, ग्रॅन्युलोसाइट वर, आणि अपक्व पेशी मंद सीडी४५ च्या भागात दिसतात. गेट फार आवळून घालू नये. मोठ्या पेशींचा लिम्फोमा मोनोसाइटच्या भागात सरकलेला असतो आणि आवळलेल्या गेटबाहेर राहून जातो. मी नेहमी दुसऱ्यांदा, कोणत्याही लिम्फोसाइट गेटविना, थेट सर्व जिवंत सीडी१९ पेशींवर नजर टाकते.

आता सीडी१९ पेशींचा कॅप्पा-लॅम्डा आलेख पाहू. निरोगी व्यक्तीत त्यावर दोन ढग दिसतात, एक कॅप्पाचा आणि एक लॅम्डाचा, आणि कॅप्पा साधारण दीड ते दुप्पट असतो. प्रत्येक बी पेशी या दोनपैकी एकच साखळी वापरते, त्यामुळे निरनिराळ्या पेशींची गर्दी असेल तर दोन्ही ढग असणारच. एकाच पेशीपासून वाढलेला क्लोन असेल तर एकच ढग उरतो. कॅप्पाचे प्रमाण लॅम्डाच्या तिपटीहून अधिक किंवा निम्म्याहून कमी झाले की क्लोनची शंका घ्यावी. पण निव्वळ आकडा पाहून थांबू नये. गाठीत क्लोन थोडा आणि निरोगी बी पेशी भरपूर असतील तर एकूण प्रमाण सामान्य येते. अशा वेळी सीडी१० असलेल्या, सीडी५ असलेल्या, आकाराने मोठ्या, मंद सीडी२० च्या अशा वेगवेगळ्या उपगटांवर हाच आलेख पुन्हा मांडावा. प्रौढ बी पेशींचा मोठा गट कोणतीच लाइट चेन दाखवत नसेल तर तेही असामान्य आहे. मज्जेतल्या अपक्व बी पेशी, म्हणजे हिमॅटोगोन्स, मात्र याला अपवाद आहेत. त्यांच्यात सीडी१० कमी होत जाणे आणि सीडी२० वाढत जाणे असा सलग वळणदार प्रवास दिसतो. आजाराच्या पेशी असा प्रवास करत नाहीत, त्या एकाच ठिकाणी गोळा होतात.

पाचवी पायरी: नमुन्यांची ओळख

क्लोन सापडला की सीडी५ आणि सीडी१० या दोन मार्करवरून वाट फुटते.

सीडी५ असलेल्या बी पेशींत प्रमुख प्रश्न क्रॉनिक लिम्फोसायटिक ल्युकेमिया की मँटल सेल लिम्फोमा हा असतो, आणि त्याच्या उत्तरावर उपचार अवलंबून असतात. पहिल्यात सीडी२३ आणि सीडी२०० असतात, सीडी२० आणि लाइट चेन मंद असतात, एफएमसी७ हा मार्कर नसतो. दुसऱ्यात सीडी२० आणि लाइट चेन ठळक, एफएमसी७ असतो, सीडी२३ व सीडी२०० बहुधा नसतात. मँटल सेलची शंका आल्यास सायक्लिन डी१ हे प्रथिन किंवा गुणसूत्र ११ व १४ मधील स्थानबदल तपासल्याशिवाय निदान पक्के करू नये. रक्तात प्रति मायक्रोलिटर ५००० हून कमी क्लोनल बी पेशी असतील आणि गाठी, प्लीहा किंवा अन्य लक्षणे काहीही नसतील, तर तो ल्युकेमिया नव्हे, मोनोक्लोनल बी सेल लिम्फोसायटोसिस ठरतो. हे नाव चुकवल्यास एका निरोगी माणसाला कर्करोगाचा शिक्का बसतो.

सीडी१० असलेल्या गटात फॉलिक्युलर लिम्फोमा आणि प्रतिक्रियात्मक गाठ यांची सर्वाधिक गल्लत होते, कारण निरोगी जर्मिनल सेंटरच्या (ग्रंथीत बी पेशी वाढतात त्या केंद्राच्या) पेशींवरही सीडी१० असतो. निरोगी पेशींत दोन्ही लाइट चेन, ठळक सीडी३८ आणि बीसीएल२ या प्रथिनाचा अभाव दिसतो. फॉलिक्युलर लिम्फोमात एकच लाइट चेन, तुलनेने मंद सीडी३८ आणि बहुधा ठळक बीसीएल२ दिसतो. सीडी१० सोबत अतिशय ठळक सीडी३८, बीसीएल२ नाही आणि मध्यम आकाराच्या एकसारख्या पेशी असे चित्र दिसले, तर बर्किट लिम्फोमाचा विचार करून त्याच क्षणी उपचार करणाऱ्या डॉक्टरांना फोन करावा. हा आजार दिवसांत वाढतो, टाइप केलेल्या अहवालाची वाट पाहत नाही.

हे दोन्ही मार्कर नसतील तेव्हा यादी लांबते. त्यात हेअरी सेल ल्युकेमिया मात्र सीडी११सी, सीडी२५, सीडी१०३ आणि सीडी१२३ एकत्र ठळक दिसल्याने लगेच ओळखू येतो.

टी पेशींचे काम अवघड आहे. त्यांच्यात कॅप्पा-लॅम्डासारखी सोपी खूण नव्हती. आता टीआरबीसी१ या टी पेशींवरच्या साखळीविरुद्धची अँटिबॉडी काही प्रमाणात ती उणीव भरून काढते. तिच्याशिवाय सीडी७ किंवा सीडी५ हरवणे, पृष्ठभागावरचा सीडी३ मंद होणे, सीडी४ किंवा सीडी८ यांपैकी एकाच प्रकारची बेसुमार गर्दी होणे यांवर विसंबावे लागते. छातीच्या मध्यभागातल्या गाठीत सीडी४ आणि सीडी८ दोन्ही असलेल्या टी पेशी पाहून टी लिम्फोब्लास्टिक लिम्फोमा लिहिण्याची घाई करू नये. थायमसच्या निरोगी पेशी आणि थायमोमा यांतही त्या असतात, आणि तिथे सीडी३ चा मंदापासून ठळकापर्यंत सलग पट्टा दिसतो.

फ्लो जिथे गप्प राहतो

हॉजकिन लिम्फोमात रीड-स्टर्नबर्ग पेशी, म्हणजे त्या आजाराच्या मोठ्या कर्करोगपेशी, फार थोड्या असतात आणि त्यांच्याभोवती टी पेशी घट्ट चिकटलेल्या असतात, त्यामुळे नेहमीच्या पॅनेलवर बहुधा फक्त प्रतिक्रियात्मक लिम्फोसाइट दिसतात. टी पेशींनी भरलेला मोठ्या बी पेशींचा लिम्फोमा, तंतुमय झालेली गाठ, मृत ऊती यांतही हेच घडते. म्हणून ‘लिम्फोमा नाही’ असे वाक्य फ्लोच्या अहवालात कधीही लिहू नये. ‘तपासलेल्या पेशींत क्लोनल बी पेशी किंवा असामान्य टी पेशी आढळल्या नाहीत, हिस्टोपॅथॉलॉजीशी पडताळून पाहावे’ असे लिहावे.

सहावी पायरी: टप्पा ठरवताना

लिम्फोमाचे टप्पे १९७१ च्या अ‍ॅन आर्बर पद्धतीवर आधारलेल्या २०१४ च्या लुगानो वर्गीकरणाने ठरतात, आणि त्याचा कणा पेट-सीटी आहे. एकाच भागातल्या ग्रंथी म्हणजे पहिला टप्पा, श्वासपटलाच्या एकाच बाजूला दोन किंवा अधिक भाग म्हणजे दुसरा, दोन्ही बाजूंना म्हणजे तिसरा, आणि मज्जा किंवा यकृतासारख्या लसिकासंस्थेबाहेरच्या अवयवात पसरल्यास चौथा. फ्लो टप्पा ठरवत नाही. मज्जा, रक्त, पाठीच्या कण्यातले पाणी, छाती-पोटातले पाणी यांत आजार पोहोचला आहे का, एवढ्या प्रश्नाचे उत्तर तो देतो. पण ते उत्तर वजनदार असते. पहिल्या-दुसऱ्या टप्प्यातल्या फॉलिक्युलर लिम्फोमाला केवळ किरणोपचार देता येऊ शकतात, मज्जेत आजार असेल तर सगळी योजना बदलते.

मज्जेत अल्प आजार शोधताना पेशींची संख्या महत्त्वाची. ३० पेशींचा समूह ओळखता येतो असे धरले आणि दर १०,००० पेशींमागे एक आजारी पेशी शोधायची असेल, तर किमान ३ लाख पेशी मोजाव्या लागतात. ३० हजार पेशी मोजून निगेटिव्ह लिहिलेला अहवाल त्या पातळीवर काहीच सांगत नाही. फॉलिक्युलर लिम्फोमा मज्जेत हाडाच्या कडेला तंतूंमध्ये अडकून बसतो, सुईने ओढल्यावर त्या पेशी येत नाहीत, आणि फ्लो निगेटिव्ह असतानाही ट्रिफाइन बायोप्सीत (हाडासह काढलेल्या मज्जेच्या तुकड्यात) आजार स्पष्ट दिसतो. म्हणून बायोप्सी केलेली असेल तिथे दोन्ही अहवाल सोबत वाचावेत. उलट प्रसंगही येतो. वयस्कर रुग्णाच्या मज्जेत सीडी५ असलेला छोटासा क्लोन दिसतो, आणि गाठीत मात्र सीडी१० असलेला लिम्फोमा असतो. हा आजाराचा प्रसार नव्हे, वयाबरोबर आढळणारा स्वतंत्र क्लोन असण्याची शक्यता अधिक. मज्जेतला क्लोन गाठीतल्या क्लोनशी मार्कर आणि लाइट चेन दोन्हींत जुळतो का, हे पाहिल्याशिवाय त्या रुग्णाला चौथ्या टप्प्यात ढकलू नये.

पाठीच्या पाण्यात पेशी मोजक्या असतात आणि झपाट्याने मरतात. नमुना तासाभरात लावता येणार नसेल तर पेशी टिकवणाऱ्या खास नळीत घ्यावा. या पाण्यात फ्लो हा साध्या सायटोलॉजीपेक्षा (सूक्ष्मदर्शकाखाली पेशी पाहण्यापेक्षा) अधिक संवेदनशील आहे, त्यामुळे बर्किट, लिम्फोब्लास्टिक किंवा वृषणातला लिम्फोमा असेल तेव्हा दोन्ही तपासण्या एकत्र मागवाव्यात.

सातवी पायरी: अहवाल

अहवालात नमुन्याचा प्रकार, तो किती तासांनी मिळाला, जिवंत पेशींचे प्रमाण आणि एकूण किती पेशी मोजल्या हे आधी लिहावे. मग असामान्य पेशींचे प्रमाण नेमके कशाच्या टक्क्यात आहे ते सांगावे, कारण लिम्फोसाइटच्या ४० टक्के आणि सर्व पेशींच्या ४० टक्के यांत मोठे अंतर आहे. प्रत्येक मार्कर ‘पॉझिटिव्ह’ म्हणून सोडून न देता ठळक, मंद की अंशतः ते नोंदवावे. पुढच्या वेळी आजार परतला का हे पाहणारा सहकारी याच ओळीकडे वळणार असतो. आणि मूळ आलेखांच्या फाइली जपून ठेवाव्यात. दोन वर्षांनी त्याच रुग्णाची मज्जा समोर येते तेव्हा जुना ढग आणि नवा ढग शेजारी शेजारी ठेवून पाहता येतात.